तारांची एक जोडी : मोटारीत इथरनेट कसे आले

२००४ साली म्युनिकमध्ये बीएमडब्ल्यूच्या अभियंत्यांनी एक हिशेब मांडला. चार वर्षांनी बाजारात यायच्या नव्या गाड्यांमध्ये सगळ्या इलेक्ट्रॉनिक नियंत्रकांचे मिळून सुमारे १ जीबी सॉफ्टवेअर असेल, असा त्यांचा अंदाज होता. हे सॉफ्टवेअर गाडीत भरायला, म्हणजे तंत्रज्ञांच्या बोलीत ‘फ्लॅश’ करायला, त्या वेळच्या जोडणीतून १६ तास लागणार होते. पुढे कर्स्टेन माथेउस आणि थॉमस क्योनिगझेडर या बीएमडब्ल्यूच्याच दोन अभियंत्यांनी ‘ऑटोमोटिव्ह इथरनेट’ या ग्रंथात हा हिशेब नोंदवून ठेवला. कारखान्यातली गाडी मिनिटामिनिटाला पुढच्या टप्प्यावर सरकत असते, तिला १६ तास कोण थांबवणार? आणि दुरुस्तीला आलेल्या ग्राहकाची गाडी केवळ सॉफ्टवेअरसाठी दोन दिवस गॅरेजमध्ये कशी अडकवून ठेवणार?

या अडचणीतून जे सुरू झाले त्याने पुढच्या पंधरा वर्षांत मोटारीच्या आतले सगळे जाळे बदलून टाकले. आज अनेक नव्या गाड्यांत कॅमेरा, रडार, पडदा आणि मुख्य संगणक यांना जोडणाऱ्या तारेच्या दोन्ही टोकांना नखाएवढी एक चिप बसलेली असते. तिला इथरनेट ट्रान्सीव्हर म्हणतात. संगणकातले शून्य आणि एक यांचे तारेवरच्या विद्युतदाबात रूपांतर करायचे आणि पलीकडून आलेल्या दाबातून पुन्हा शून्य-एक वेचून काढायचे, एवढेच तिचे काम. पण ते तिला धावत्या गाडीच्या विद्युत गोंगाटात, उन्हातान्हात आणि थंडीत, अत्यंत स्वस्त तारेवर करावे लागते. ही चिप दोन गोष्टींमुळे शक्य झाली. एक, कमी तारांत जास्त सांगण्याची गणिती युक्ती. दुसरी, ती युक्ती एका कंपनीपुरती न ठेवता सर्वांना उपलब्ध करून देण्याचा निर्णय. या इतिहासात दुसऱ्या गोष्टीचे वजन पहिलीइतकेच आहे.

तारांचे ओझे

मोटारीत इलेक्ट्रॉनिक्स आले ते तुकड्यातुकड्यांनी. १९७८ मध्ये बॉशने मर्सिडीजच्या एस-क्लाससाठी एबीएस ब्रेक आणले. इंजिनात इंधन किती सोडायचे हे ठरवणारा नियंत्रक वेगळा, गिअरबॉक्सचा वेगळा, वातानुकूलनाचा वेगळा. प्रत्येकाला इतरांकडची माहिती हवी असे. चाकाचा वेग ब्रेकलाही लागे, गिअरबॉक्सलाही लागे आणि समोरच्या काट्यालाही लागे. प्रत्येक माहितीसाठी प्रत्येक जोडीदाराकडे स्वतंत्र तार ओढायची म्हटले, की नियंत्रक दुप्पट झाल्यावर तारा दुपटीहून कितीतरी जास्त वाढतात. वायरिंग हार्नेस, म्हणजे सगळ्या तारांचा एकत्र बांधलेला पसारा, जाड आणि महाग होत गेला. शिवाय तो हातानेच बांधावा लागे आणि आजही त्याचे बरेचसे काम हातानेच होते.

१९८३ मध्ये बॉशने यावर अंतर्गत प्रकल्प सुरू केला. फेब्रुवारी १९८६ मध्ये डेट्रॉइट येथे एसएई या मोटार अभियंत्यांच्या संघटनेच्या अधिवेशनात उवे कीन्के, झीगफ्रीड डाइस आणि मार्टिन लित्शेल यांनी ‘कॅन’ ही पद्धत मांडली. सगळे नियंत्रक तारांच्या एकाच जोडीवर बसतात. ज्याला बोलायचे तो संदेश सोडतो. दोघांनी एकदम सोडला, तर ज्याचा क्रमांक महत्त्वाचा त्याचा संदेश न अडखळता पुढे जातो आणि दुसरा थांबतो. १९८७ मध्ये इंटेलने कॅनची पहिली चिप आणली, पाठोपाठ फिलिप्सची आली. १९९१ च्या मर्सिडीज एस-क्लासमध्ये कॅन रस्त्यावर उतरले आणि १९९३ मध्ये ते आंतरराष्ट्रीय मानक झाले.

कॅन अतिशय भरवशाचे ठरले. त्याची मर्यादा होती ती वेगाची. सेकंदाला जास्तीत जास्त १० लाख बिट्स, प्रत्यक्षात बहुतेक गाड्यांत ५ लाख. एका संदेशात ८ बाइट एवढीच माहिती मावते, त्यामुळे जवळपास अर्धा वेळ संदेशाच्या वेष्टनातच जातो. ब्रेकला ‘दाब’ म्हणायला हे भरपूर आहे. १ जीबी वाहून न्यायला नाही.

म्हणून नव्या गरजेसाठी नवे जाळे, अशी रीत पडली. काच वर-खाली करण्यासारख्या किरकोळ कामांना स्वस्त आणि मंद ‘लिन’. संगीत आणि पडद्यांसाठी ‘मोस्ट’. हे २००१ च्या बीएमडब्ल्यू ७ सिरीजमध्ये आले. प्लास्टिकच्या प्रकाशतंतूंचे वर्तुळ आणि त्यावरून सेकंदाला सुमारे २.५ कोटी बिट्स. वर्तुळातली एक कडी तुटली की सगळे वर्तुळ गप्प होई. ब्रेक, स्टिअरिंग आणि सस्पेन्शनसाठी ‘फ्लेक्सरे’. हे २००६ च्या बीएमडब्ल्यू एक्स५ मध्ये आले. सेकंदाला १ कोटी बिट्स, प्रत्येकाची बोलायची वेळ आधीच ठरलेली, त्यामुळे अचूक. पण वेळापत्रक एकदा ठरले की गाडीत नवे उपकरण घालणे जिकिरीचे.

२००० च्या दशकाच्या मध्यावर आलिशान गाडीत सत्तरच्या आसपास नियंत्रक आणि चार-पाच प्रकारची जाळी होती. प्रत्येकाची चिप वेगळी, तार वेगळी, तपासणीचे यंत्र वेगळे आणि जाणकार माणसेही वेगळी. यातले कॅन सोडले, तर बाकीचे मोटारीबाहेर फारसे विकले जात नव्हते. त्यामुळे संशोधनाचा बहुतेक खर्च मोटार उद्योगालाच उचलावा लागे. ‘मोस्ट’च्या चिपसाठी तर प्रामुख्याने एकाच पुरवठादारावर अवलंबून राहावे लागले. हा अनुभव पुढच्या निर्णयात निर्णायक ठरला.

कचेरीतली तार गॅरेजमध्ये

मोटारीबाहेर मात्र संगणकांच्या जाळ्याचा प्रश्न केव्हाच सुटला होता. २२ मे १९७३ रोजी कॅलिफोर्नियातल्या झेरॉक्स पार्क प्रयोगशाळेत बॉब मेटकाफ यांनी एक टिपण लिहिले. त्यातून डेव्हिड बॉग्ज यांच्यासह त्यांनी जे उभे केले ते इथरनेट. पहिला वेग सेकंदाला २९.४ लाख बिट्स. १९८३ मध्ये आयईईई या अभियंत्यांच्या संघटनेने त्याचे मानक केले, १९९० मध्ये ते टेलिफोनसारख्या पीळ दिलेल्या तारांवर आले, १९९५ मध्ये १०० मेगाबिट आणि १९९९ मध्ये त्याच प्रकारच्या तारांवर १ गिगाबिटपर्यंत पोहोचले. कचेऱ्या, बँका, महाविद्यालये, घरातले राउटर अशा सगळीकडे तेच. कोट्यवधी चिप्स बनत असल्याने किंमत घसरली होती आणि इंटरनेटचे सगळे सॉफ्टवेअर त्यावर आयते चालत होते.

बीएमडब्ल्यूने फ्लॅशिंगसाठी हीच वाट धरली. २००८ च्या ७ सिरीजमध्ये निदानयंत्र जोडायच्या सॉकेटपासून गाडीतली सगळी जाळी जोडणाऱ्या मध्यवर्ती गेटवेपर्यंत १०० मेगाबिट इथरनेट पोहोचले. तासांचे काम मिनिटांत होऊ लागले. पण या तारेला एक अट होती. ती फक्त गाडी उभी असताना, तपासणीचे यंत्र जोडल्यावरच चालू होई.

कारण होते विद्युतचुंबकीय गोंगाटाचे. तारेतून वेगाने बदलणारा विद्युतप्रवाह गेला की ती तार अँटेना होते. कचेरीतल्या १०० मेगाबिट इथरनेटमध्ये सेकंदाला १२.५ कोटी वेळा सिग्नल बदलू शकतो. त्यातली ऊर्जा थेट ८८ ते १०८ मेगाहर्ट्झच्या पट्ट्यातही सांडते आणि तिथेच एफएम रेडिओ असतो. कचेरीत याने कोणाचे बिघडत नाही. मोटारीत मात्र तारेपासून हातभर अंतरावर रेडिओची अँटेना असते. उलट बाजूने मोबाइल, जनरेटर, वायपरच्या मोटारी आणि रस्त्याकडेचे प्रक्षेपक तारेवर आपला गोंगाट लादतात. संगीत बिघडले तर ग्राहक कुरकुर करील, पण कॅमेऱ्याचे चित्र नको त्या क्षणी गोठले तर अपघात होईल.

यावरचा रूढ उपाय म्हणजे तारेला धातूच्या जाळीचे वेष्टन, म्हणजे शील्ड. त्याच ७ सिरीजमध्ये मुख्य यंत्रणा आणि मागच्या आसनांचे पडदे यांच्यात तशी शील्डची इथरनेट तार वापरलीही गेली. पण शील्डची तार महाग, जाड आणि वळवायला अवघड. कनेक्टरही महाग, आणि वर्षानुवर्षांच्या हादऱ्यांनी शील्डची जोडणी सैल झाली तर फायद्याऐवजी तोटाच. एका गाडीत अशा एक-दोन तारा परवडतात. सगळे जाळे त्यावर उभे राहत नाही. मोटारीत इथरनेट रुजायचे तर ते साध्या, उघड्या, पीळ दिलेल्या तारांवर चालायला हवे होते. २००७ पर्यंत ते शक्य असल्याचे कोणी दाखवले नव्हते.

जानेवारी २००८

बीएमडब्ल्यूने चिप कंपन्यांकडे विचारणा सुरू केली. कॅलिफोर्नियातल्या ब्रॉडकॉमकडे ‘ब्रॉडआर-रीच’ नावाचे स्वतःचे तंत्र होते. ते मोटारीसाठी मुळीच नव्हते. इमारतीपर्यंत आलेल्या टेलिफोनच्या जुन्या, दर्जाने सामान्य तारांवरून इथरनेट दूरवर नेण्यासाठी ते केले होते. लांबच लांब वाईट तार आणि गाडीतली छोटी पण गोंगाटात सापडलेली तार यांच्यात एक साम्य आहे. दोन्हीकडे पलीकडून येणारा सिग्नल मलूल झालेला असतो आणि चिपला तो आकडेमोड करून पुन्हा उभा करावा लागतो. जानेवारी २००८ मध्ये बीएमडब्ल्यूने ब्रॉडकॉमचे चाचणी-फलक घेऊन मोजमापे केली. शील्ड नसलेल्या तारांच्या एकाच जोडीवरून १०० मेगाबिट माहिती गेली आणि तिचा गोंगाट मोटारीसाठीच्या विद्युतचुंबकीय उत्सर्जनाच्या कडक मर्यादांत बसला.

हे कसे साधले, ते समजून घेण्यासारखे आहे. पहिली युक्ती सिग्नलचा वेग कमी करण्याची. या चिपमध्ये तारेवर तीन पातळ्या असतात : उणे, शून्य आणि अधिक. दोन लागोपाठच्या चिन्हांत अशा नऊ जोड्या बनतात. तीन बिट्सच्या आठ शक्यता त्यांत मावतात आणि एक जोडी उरतेही. म्हणजे दोन चिन्हांत तीन बिट्स. त्यामुळे १०० मेगाबिटसाठी सेकंदाला १२.५ कोटीऐवजी ६.६७ कोटी चिन्हे पुरतात. सिग्नलची ऊर्जा खालच्या कंप्रतांत राहते आणि वरचा भाग गाळण्यांनी छाटला की एफएमचा पट्टा शांत राहतो.

दुसरी युक्ती तारा वाचवण्याची. कचेरीतल्या १०० मेगाबिट इथरनेटमध्ये जाण्यासाठी एक जोडी आणि येण्यासाठी दुसरी असते. इथे एकाच जोडीवर दोन्ही टोके एकाच वेळी बोलतात. मग स्वतःच्या मोठ्या आवाजात पलीकडचा क्षीण आवाज ऐकायचा कसा? चिपला स्वतः काय पाठवले ते ठाऊक असते. ते तारेवरून, कनेक्टरवरून कसे परावर्तित होऊन येईल याचा ती सतत अंदाज बांधते आणि आलेल्या सिग्नलमधून तो प्रतिध्वनी वजा करते. जुन्या टेलिफोनमध्ये दोन तारांवर दोन्ही बाजूंचे बोलणे चाले, त्यामागेही हेच तत्त्व होते. तिथे ते काम ट्रान्सफॉर्मरचे मंडल करी, इथे ते गणित सेकंदाला कोट्यवधी वेळा करते. त्यातच गरमागरम बोनेटखाली तारेचे गुणधर्म बदलत असतात, म्हणून हा अंदाजही सतत सुधारावा लागतो.

तिसरी गोष्ट चिपच्या बाहेरची, तारेच्या समतोलाची. जोडीतल्या दोन तारांवर सिग्नल बरोबर उलटसुलट जातो. पीळ सारखा असेल तर दोघींचा गोंगाट एकमेकींना मारून टाकतो. बाहेरचा गोंगाट दोघींवर सारखाच पडतो, तोही वजाबाकीत निघून जातो. कनेक्टरपाशी पीळ काही मिलिमीटर जास्त सुटला, एका तारेची लांबी जराशी वाढली, तर समतोल ढळतो. म्हणून नुसती चिप चांगली असून भागत नव्हते. तार, कनेक्टर, गाळणी आणि सर्किट बोर्डवरच्या रेषा या सगळ्यांचे माप ठरवावे लागले.

मोटारीच्या अशा चाचण्या शंकूंसारख्या शोषक तुकड्यांनी मढवलेल्या बंद कक्षात होतात. धातूच्या टेबलावर ५ सेंटिमीटर उंचीवर तारा पसरतात, समोर अँटेना असते. आधी तार किती गोंगाट करते ते पाहतात. मग तिच्यात मुद्दाम रेडिओ लहरी घुसवतात आणि माहिती चुकते का ते तपासतात. पुण्यातल्या एआरएआय या संस्थेतही मोटारींच्या विद्युतचुंबकीय चाचण्यांची प्रयोगशाळा आहे. म्युनिकच्या मोजमापांनी कोणती भिंत ओलांडली, हे अशा कक्षात काम केलेल्या माणसाला वेगळे सांगावे लागत नाही.

एका कंपनीचे तंत्र सर्वांचे झाले

तंत्र सिद्ध झाले, तरी खरी अडचण पुढेच होती. ब्रॉडआर-रीच ब्रॉडकॉमच्या मालकीचे होते. मोटारीचे एक मॉडेल सात-आठ वर्षे बनते आणि त्याचे सुटे भाग त्यानंतरही बरीच वर्षे पुरवावे लागतात. एवढ्या काळासाठी एकाच चिप कंपनीवर सगळे जाळे सोपवायला कोणतीच मोटार कंपनी तयार होणार नव्हती. ‘मोस्ट’चा धडा ताजा होता. उलट, बीएमडब्ल्यू एकटीच वापरणार असेल तर संख्या कमी, किंमत जास्त आणि चिप कंपनीलाही रस नाही.

तोडगा निघाला तो वाटून घेण्यात. ब्रॉडकॉमने वाजवी आणि भेदभाव नसलेल्या अटींवर परवाने देण्याची तयारी दाखवली. नोव्हेंबर २०११ मध्ये बीएमडब्ल्यू, ब्रॉडकॉम, फ्रीस्केल, हार्मन, ह्युंदाई आणि एनएक्सपी यांनी मिळून ‘ओपन अलायन्स’ स्थापन केली. एनएक्सपीचा सहभाग विशेष महत्त्वाचा होता. फिलिप्सच्या चिप विभागातून निघालेली ही कंपनी कॅनच्या ट्रान्सीव्हर चिप्समध्ये अग्रणी होती. म्हणजे जुन्या जाळ्याची सर्वांत मोठी कारागीर नव्या जाळ्याची परवानाधारक झाली. ब्रॉडकॉमला आकडेमोडीची विद्या अवगत होती. १२ व्होल्टच्या बॅटरीचे झटके, उणे ४० ते १२५ अंश सेल्सिअसपर्यंतचे तापमान आणि वर्षानुवर्षांची टिकाऊ गुणवत्ता यांची सवय एनएक्सपीला होती.

अलायन्सने वेगवेगळ्या समित्या नेमल्या. एकीने भिन्न कंपन्यांच्या चिप्स एकमेकींशी बोलतात का याच्या चाचण्या ठरवल्या. दुसरीने तार आणि कनेक्टरची मापे ठरवली. आणखी एकीने गाडी बंद असताना चिपने जवळपास शून्य वीज घेऊन झोपावे आणि तारेवरून हाक येताच जागे व्हावे याची पद्धत ठरवली. महिनाभर उभ्या गाडीची बॅटरी उतरू नये, ही साधी गरज कचेरीतल्या इथरनेटला कधी पडलीच नव्हती. सदस्यसंख्या पुढे ३०० च्या वर गेली.

पहिली गाडी होती २०१३ ची बीएमडब्ल्यू एक्स५. तिच्यात गाडीभोवतीचे दृश्य दाखवणारे कॅमेरे शील्ड नसलेल्या एका जोडीवर इथरनेटने जोडले गेले. काळही अनुकूल होता. अमेरिकेत मागचे दृश्य दाखवणाऱ्या कॅमेऱ्यांविषयी २००८ मध्ये कायदा झाला होता आणि मे २०१८ पासून प्रत्येक नव्या हलक्या वाहनात असा कॅमेरा सक्तीचा झाला. गाडीत कॅमेरे वाढणार हे उघड होते आणि प्रत्येक कॅमेऱ्यामागे एक महागडी शील्डची तार टाळता येत होती. जोडणीचा खर्च ८० टक्क्यांपर्यंत आणि तारांचे वजन ३० टक्क्यांपर्यंत घटेल, असा ब्रॉडकॉमचा दावा होता. विक्रेत्याचा दावा म्हणून तो सावधपणे घ्यावा, पण दिशा बरोबर होती. दोनेक वर्षांत फोक्सवागन, ऑडी आणि टाटांच्या मालकीची जग्वार लँड रोव्हर यांनीही ही वाट धरली.

मानकांची शिडी

परवान्याने काम भागत होते, पण जगाला हवे होते मानक. ऑक्टोबर २०१५ मध्ये आयईईईने ब्रॉडआर-रीचच्या पायावर ‘१००बेस-टी१’ हे मानक मंजूर केले. तारांची एक जोडी, १५ मीटर, १०० मेगाबिट. जून २०१६ मध्ये त्याच एका जोडीवर १ गिगाबिटचे मानक आले. त्यात चिन्हांचा वेग सेकंदाला ७५ कोटींवर गेला आणि चुका दुरुस्त करणारे संकेत जोडावे लागले. २०२० मध्ये २.५, ५ आणि १० गिगाबिटची मानके आली. या वेगांना व्यवहारात पुन्हा शील्डची तार लागते. भौतिकशास्त्राशी केलेली तडजोड १०० मेगाबिटला स्वस्तात पडली, तशी ती पुढे पडली नाही.

शिडीच्या खालच्या टोकालाही काम झाले. नोव्हेंबर २०१९ च्या मानकाने १० मेगाबिट इथरनेट अशा रूपात आणले, की एकाच जोडीवर आठ किंवा अधिक उपकरणे बसू शकतात आणि पाळीपाळीने बोलतात. मेटकाफ यांच्या मूळ इथरनेटमध्येही सगळे एकाच तारेवर बसत. साडेचार दशकांनी ती कल्पना छोट्या सेन्सरांसाठी, टकरी टाळणाऱ्या शिस्तीसह परतली.

वेगाइतकाच महत्त्वाचा होता वक्तशीरपणा. कचेरीत ईमेल अर्धा सेकंद उशिरा आली तर चालते, ब्रेकचा संदेश तसा चालत नाही. ध्वनी-चित्रासाठी सुरू झालेले आयईईईचे काम २०१२ पासून ‘टाइम-सेन्सिटिव्ह नेटवर्किंग’ या नावाने वाढले. जाळ्यातली सगळी घड्याळे एका सेकंदाच्या दहा लाखाव्या भागापर्यंत जुळवणे, तातडीच्या संदेशांसाठी वेळेची खिडकी राखून ठेवणे, अशी त्याची अंगे. फ्लेक्सरेची शिस्त इथरनेटवर आली ती अशी.

चिपचा बाजारही फिरला. ब्रॉडकॉम आणि एनएक्सपीच्या जोडीला मार्व्हेल, टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स, मायक्रोचिप उतरल्या. २०१५ अखेर एनएक्सपी आणि फ्रीस्केल एक झाल्या, २०१६ मध्ये अवागो या चिप कंपनीने ब्रॉडकॉम विकत घेतली. २०२५ मध्ये म्युनिकजवळच्या इन्फिनिऑनने मार्व्हेलचा मोटार-इथरनेट व्यवसाय २५० कोटी डॉलरना घेतला. ज्या व्यवसायाची सुरुवात एका मोटार कंपनीच्या अडचणीतून झाली, त्याच्या एका हिश्श्याची ही किंमत होती.

जाळ्याचा नवा नकाशा

सुरुवातीला इथरनेटने जुन्या तारांची जागा घेतली, गाडीची रचना तीच राहिली. खरा बदल नंतर आला. आधी प्रत्येक कामाला एक नियंत्रक असे आणि त्याच्या तारा गाडीभर हिंडत. आता गाडीचे भाग पाडतात : पुढचा डावा, पुढचा उजवा, मागचा. प्रत्येक भागातले दिवे, मोटारी, सेन्सर जवळच्याच नियंत्रकाला आखूड तारांनी जोडतात आणि हे मोजके नियंत्रक वेगवान इथरनेटने मुख्य संगणकाशी बोलतात. टेस्लाने २०२३ अखेरच्या सायबरट्रकमध्ये ४८ व्होल्टच्या विजेसोबत इथरनेटचे वर्तुळ वापरले. बीएमडब्ल्यूने सप्टेंबर २०२५ मध्ये दाखवलेल्या नव्या आयएक्स३ मध्ये चार प्रमुख संगणक आहेत. आधीच्या पिढीपेक्षा तारा ६०० मीटरने कमी आणि हार्नेस ३० टक्क्यांनी हलका, असे कंपनी सांगते.

या बदलाचा एक धागा थेट महाराष्ट्रात येतो. गाडीची ओळख सॉफ्टवेअरने ठरू लागली, तसे ते लिहिणारे हात मोटार कंपन्यांना मोठ्या संख्येने लागू लागले. २०२४ मध्ये पुण्याच्या टाटा टेक्नॉलॉजीज आणि बीएमडब्ल्यू यांनी संयुक्त कंपनी काढली. तिची केंद्रे पुणे, बंगळुरू आणि चेन्नईत आहेत आणि गाडीतले सॉफ्टवेअर हे तिचे मुख्य काम आहे. पुण्याची केपीआयटीही याच क्षेत्रात जगभरच्या मोटार कंपन्यांसाठी काम करते.

जमाखर्च

या बदलाने काय मिळाले? फ्लॅशिंगचा प्रश्न सुटलाच, पण त्याहून मोठी गोष्ट म्हणजे घरासमोर उभ्या गाडीत रात्रीतून नवे सॉफ्टवेअर येऊ लागले. कॅमेरे, रडार आणि चालकाला मदत करणाऱ्या यंत्रणा यांना लागणारी रुंद वाट मिळाली. अभियंत्यांना जगभर माहीत असलेली भाषा गाडीत आली. महाविद्यालयात नेटवर्किंग शिकलेला विद्यार्थी आता मोटारीच्या जाळ्यापुढे अनोळखी राहत नाही.

जोखीमही वाढली. २०१५ मध्ये चार्ली मिलर आणि ख्रिस व्हालासेक या संशोधकांनी मोबाइल जोडणीतून जीप चेरोकीमध्ये शिरून ती धावत असताना दुरून तिच्यावर ताबा मिळवून दाखवला. जीप बनवणाऱ्या फियाट क्रायस्लरला १४ लाख गाड्या परत बोलवाव्या लागल्या. तो हल्ला अखेर पोहोचला होता कॅनवर, जिथे संदेश कोणाकडून आला हे तपासण्याची सोयच नव्हती. इथरनेटसोबत सांकेतिकीकरण आणि ओळख पटवण्याची तयार साधने येतात, पण इंटरनेटवर तीस वर्षे घडलेली हल्ल्याची साधनेही येतात. जुलै २०२४ पासून युरोपात विकल्या जाणाऱ्या नव्या गाड्यांना सायबर सुरक्षेचे संयुक्त राष्ट्रांचे नियम लागू झाले, ते याच जाणिवेतून.

दुरुस्तीचा प्रश्नही खरा आहे. पूर्वी तुटलेली तार सोलून, पिळून, टेप लावून चालत असे. इथरनेटच्या जोडीला असा सांधा दिला तर पीळ सुटतो, समतोल जातो आणि दोष मग कधी दिसतो, कधी दिसत नाही. रस्त्याकडेच्या कुशल मेकॅनिकला नवे प्रशिक्षण आणि नवी यंत्रे लागतील. ती त्याच्या आवाक्यात यावीत याची जबाबदारी कंपन्यांनी आणि सरकारने घ्यायला हवी. नाहीतर मानक खुले आणि दुरुस्ती बंद, अशी अवस्था होईल.

इथरनेटने सगळे जिंकले असेही नाही. कॅन आजही जवळपास प्रत्येक गाडीत आहे. २०१२ मध्ये बॉशनेच त्याची वेगवान आवृत्ती आणली आणि दरवाजे, आसने, इंजिन यांसाठी ते अजून पुरते. कॅमेऱ्यांचे कच्चे चित्र वाहून न्यायला खास एकदिशा जोडण्या अजून मोठ्या प्रमाणावर वापरल्या जातात. फ्लेक्सरे आणि मोस्ट मात्र मागे पडले, आणि त्यांच्यात तांत्रिक उणिवांपेक्षा एकटेपणाची उणीव मोठी होती. दोन्ही तंत्रे हुशारीने घडवलेली होती. फक्त त्यांच्या चिप्स मोटारीबाहेर कोणाला नको होत्या आणि मोटारीतही मोजक्यांनाच हव्या होत्या.

ब्रॉडआर-रीचचेही तसेच होऊ शकले असते. जानेवारी २००८ ची मोजमापे कितीही उत्तम असली, तरी ती एका कंपनीच्या एका चिपची मोजमापे होती. ब्रॉडकॉमने प्रतिस्पर्ध्यांना परवाने दिले, बीएमडब्ल्यूने आपला शोध इतर मोटार कंपन्यांसमोर ठेवला आणि दोघींनी ते तंत्र आयईईईच्या हवाली केले. असे करताना दोघींनीही आपला तात्पुरता फायदा सोडला आणि त्या बदल्यात सगळा उद्योग त्या वाटेवर आला. आपल्याकडे चिप बनवण्याची स्वप्ने आता सरकारी योजनांत उतरली आहेत. त्यांना या इतिहासातून घेण्यासारखे बरेच आहे. कारखाना आणि बुद्धिमत्ता दोन्ही लागतात, पण तंत्र टिकते ते अनेकांनी मिळून ठरवलेल्या मापांवर. ज्या सभागृहात ती मापे ठरतात, तिथे पुण्या-बंगळुरूच्या अभियंत्यांनी दुसऱ्यांची कामे पार पाडणारे म्हणून नव्हे, तर स्वतःचे प्रस्ताव मांडणारे म्हणून बसायला हवे.